रोजनिशी, शकावली आणि दप्तर

प्रास्ताविक

बंगळूरच्या मल्लेश्वरम भागात काडू मल्लेश्वराचे जुने देवालय आहे. 'काडू' म्हणजे कन्नड भाषेत रान. आज तेथे रान उरलेले नाही. पण या देवालयाशी निगडित असा इ. स. १६६९ मधील एक शिलालेख उपलब्ध आहे. एकोजीराजांनी मल्लपुरच्या मल्लिकार्जुन देवाला मेदरनिंगनहळ्ळी हे गाव इनाम दिल्याची नोंद त्यात आहे. हे एकोजी म्हणजे शहाजीराजांचे पुत्र आणि शिवाजी महाराजांचे सावत्र बंधू व्यंकोजी. १६३८ साली विजापूरचा सेनापती रणदुल्लाखान याच्या स्वारीत बंगळूर केंपेगौडांच्या वंशजाकडून घेतले गेले आणि पुढे ते शहाजीराजांच्या जहागिरीचे मुख्य ठिकाण झाले. या दरबारचे वर्णन जयराम पिंड्ये या कवीने 'राधामाधवविलासचंपू' या ग्रंथात केले आहे. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी तो १९२२ साली संपादून प्रसिद्ध केला.

एक दगडावरची नोंद, एक दरबारी काव्य. दोन्ही एकाच घराण्याविषयी बोलतात. पण दोन्हींकडून एकच गोष्ट मिळत नाही. कवी धन्याची थोरवी सांगतो. शिलालेख कोणते गाव कोणाला दिले एवढेच सांगतो आणि थांबतो. सतराव्या शतकाचा इतिहास अशाच तुटक, निरनिराळ्या हेतूंनी लिहिलेल्या कागदांवरून आणि दगडांवरून जुळवावा लागतो. हा पाठ वाचल्यावर जुनी नोंद हाती आली असता तिला कोणते प्रश्न विचारावेत, हे तुम्हांला सांगता येईल.

एका पहाटेच्या दोन नोंदी

शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक रायगडावर १६७४ साली झाला, हे आपण सर्व जाणतो. त्या दिवसाविषयी दोन अगदी वेगळ्या हातांनी लिहिलेल्या नोंदी आपल्यापाशी आहेत.

पहिली नोंद जेधे शकावलीतील. भोरजवळील कारी या गावच्या जेधे देशमुखांच्या घरी ही शकावली जपलेली होती. लोकमान्य टिळकांनी ती १९१६ साली प्रसिद्ध केली. शके १५४० ते १६१९, म्हणजे इ. स. १६१८ ते १६९७ या काळातील घटना तीत वर्षवारीने, फार थोड्या शब्दांत टिपलेल्या आहेत. वर्णन नाही, स्तुती नाही. संवत्सर, महिना, तिथी, वार आणि घटना. वाचताना रुक्ष वाटावी अशी ही भाषा आहे, आणि तिची विश्वसनीयता बरीचशी या रुक्षपणातच आहे.

दुसरी नोंद हेन्री ऑक्झेंडन या इंग्रजाची. ईस्ट इंडिया कंपनीचा वकील म्हणून तो मे १६७४ मध्ये मुंबईहून निघाला. महाराज त्या वेळी प्रतापगडी भवानीच्या दर्शनास गेले होते, म्हणून त्याला काही दिवस पाचाडला थांबावे लागले. या साऱ्या प्रवासाची रोजनिशी त्याने लिहून ठेवली. त्याच्या येण्याचे कारण राज्याभिषेक पाहणे हे नव्हते. राजापूरची इंग्रजांची वखार १६६१ साली लुटली गेली होती. तिची भरपाई मिळवणे आणि व्यापाराच्या सवलतींचा करार करणे, हे त्याचे काम. त्यामुळे कोणाला कोणता नजराणा द्यावयाचा, कोणता कारभारी कामाचा, याच्या नोंदी त्याच्या लेखनात सर्वत्र आढळतात.

आता या दोन नोंदी शेजारी ठेवून पाहू. ऑक्झेंडन लिहितो ती तारीख ६ जून. तो दिवस शनिवार होता. शकावली म्हणते ज्येष्ठ शुद्ध द्वादशी, शुक्रवार, तीन घटका रात्र उरली असता. लोकांत मात्र त्रयोदशी रूढ आहे. मग खरे कोणाचे?

सर्वांचेच खरे आहे. इंग्रजांचा दिवस मध्यरात्री बदलतो, आपल्या पंचांगाचा दिवस सूर्योदयाला. एक घटका म्हणजे २४ मिनिटे. तीन घटका म्हणजे ७२ मिनिटे. सूर्योदयापूर्वी सव्वा तासाच्या आसपास महाराज सिंहासनावर बसले. इंग्रजी रीतीने तेव्हा शनिवार लागलेला होता. आपल्या रीतीने शुक्रवार अजून संपलेला नव्हता. तिथीचेही तसेच. सूर्योदयाला जी तिथी असेल तीच त्या दिवसाची म्हणून लिहिली जाते. प्रत्यक्षात त्या पहाटे त्रयोदशी लागलेली होती. ऑक्झेंडन दरबारात गेला तो सकाळी सात-आठच्या सुमारास. म्हणजे त्याने पाहिला तो अभिषेकानंतरचा दरबार. अभिषेकाचे विधी त्याने पाहिले नाहीत. ते समजून घेण्यासाठी आपल्याला देशी साधनांकडेच वळावे लागते.

जे त्याने पाहिले, ते मात्र फार बारकाईने टिपले आहे. सिंहासनाच्या दोन्ही बाजूंना सोनेरी भाले होते. उजवीकडे मोठ्या दातांच्या माशांची सोन्याची मस्तके, डावीकडे घोड्यांच्या शेपट्या, आणि एका भाल्याच्या टोकावर समतोल असलेला सोन्याचा तराजू. दुभाषा नारायण शेणवी याने नजराण्याची हिऱ्याची अंगठी उंच धरली, तेव्हा महाराजांचे लक्ष गेले व त्यांनी इंग्रजांना सिंहासनाच्या पायथ्यापर्यंत जवळ बोलावले. परतताना दाराशी दोन लहान हत्ती उभे होते. इतक्या अवघड वाटेने हे हत्ती गडावर चढवले तरी कसे, याचे त्याला नवल वाटले. रायगड चढून गेलेल्या कोणालाही हे नवल पटेल. दरबारी माणसाने ही गोष्ट कदाचित लिहिलीच नसती; रोज पाहणाऱ्याला हत्तीचे अप्रूप वाटत नाही. परक्या माणसाच्या रोजनिशीचा हा एक मोठा उपयोग आहे.

त्याने दिलेला एक आकडाही तपासून पाहण्याजोगा आहे. महाराजांची सुवर्णतुला झाली आणि वजन सुमारे १६,००० होन भरले, असे तो लिहितो. शिवराई होन साधारण पावणेतीन ते तीन ग्रॅमचा. हिशेब केला तर ४४ ते ४८ किलो येतात. मध्यम, सडसडीत बांध्याच्या पुरुषाचे वजन एवढे असू शकते. म्हणून आकडा ग्राह्य वाटतो. याउलट सभासदाच्या बखरीत राज्याभिषेकाचा खर्च १ कोटी ४२ लक्ष होन सांगितला आहे. ही बखर १६९७ च्या सुमारास जिंजी येथे, म्हणजे घटनेनंतर वीस वर्षांहून अधिक काळाने, आठवणीवरून लिहिली गेली. तीतील आकडा अक्षरशः धरता येत नाही. त्या सोहळ्याची छाप लोकांच्या मनावर किती खोल होती, ते मात्र त्यातून कळते.

पाठगत प्रश्न : ऑक्झेंडनने अभिषेकाच्या विधींचे वर्णन का केले नसावे? शकावलीतील 'शुक्रवार' आणि रोजनिशीतील शनिवार यांचा मेळ कसा बसतो?

कोणते वर्ष, कोणती तारीख

सतराव्या शतकातील इंग्रजी कागद वाचताना आणखी एक अडचण येते. इंग्रज तेव्हा जुनी ज्युलियन दिनगणना पाळत. आजची ग्रेगोरियन गणना त्यांनी १७५२ साली स्वीकारली. सतराव्या शतकात या दोहोंत दहा दिवसांचे अंतर होते. १६७४ चा ६ जून आजच्या गणनेने १६ जून होतो. शिवाय त्यांचे वर्ष २५ मार्चला सुरू होई. म्हणून जानेवारी १६६४ मध्ये महाराजांनी सुरत लुटली, त्या वेळची इंग्रजी पत्रे १६६३ किंवा १६६३/४ असे वर्ष दाखवतात. त्याच महिन्यात, २३ जानेवारी १६६४ रोजी, शहाजीराजे होदिगेरे येथे शिकारीत घोड्यावरून पडून निवर्तले; शकावलीत ती तिथी माघ शुद्ध पंचमी, शके १५८५ अशी आहे. हे ठिकाण आज कर्नाटकातील दावणगेरे जिल्ह्यात असून तेथे त्यांची समाधी आहे. वर्षारंभाचा हा फरक ध्यानात न घेता इंग्रजी व मराठी साधने एकत्र केली, तर सुरतेची घटना एक वर्ष मागे जाईल.

तारखेचा सर्वांत मोठा वाद झाला तो महाराजांच्या जन्माविषयी. नंतरच्या बखरींवरून शके १५४९, म्हणजे १६२७ हे वर्ष बराच काळ मानले जाई. जेधे शकावलीने फाल्गुन वद्य तृतीया, शके १५५१, शुक्रवार अशी वेगळीच मिती दिली. एकट्या कागदावर विसंबून राहणे योग्य नव्हते, म्हणून अभ्यासकांनी वाट पाहिली. पुढे कवींद्र परमानंदाचे 'शिवभारत' हे काव्य १९२७ साली सदाशिव महादेव दिवेकर यांनी प्रकाशात आणले. त्यातही तीच तिथी निघाली. राजस्थानात मिळालेल्या जुन्या कुंडल्यांच्या संग्रहातही तिला आधार सापडला. एकमेकांशी संबंध नसलेल्या ठिकाणांहून आलेले कागद एकच बोलू लागले, तेव्हा १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख भक्कम झाली. महाराष्ट्र शासन शिवजयंतीसाठी हीच तारीख मानते.

हा वाद केवळ राजांच्या जन्माचा नाही. आपल्यापैकी कित्येकांच्या घरी वडीलधाऱ्यांची जन्मतारीख १ जून अशी लिहिलेली असते. शाळेत नाव घालताना तारीख सांगता आली नाही, म्हणून गुरुजींनी ती घातली. दाखल्यावर १ जून, आई मात्र म्हणते, "नागपंचमीचा जन्म, कोयनेच्या भूकंपानंतरचा." कोयनेचा भूकंप ११ डिसेंबर १९६७ रोजी झाला. मग नागपंचमी १९६८ ची असणार. दाखला सरकारी आहे म्हणून खरा आणि आईचे बोलणे तोंडी आहे म्हणून खोटे, असे येथे म्हणता येत नाही. निवृत्तिवेतनासाठी कागद चालतो हे खरे; पण सत्य शोधताना आईची साक्ष काढावीच लागते.

पाहिलेले आणि ऐकलेले

सुरतेच्या लुटीनंतर तेथील इंग्रज धर्मोपदेशक एस्कॅलिओ याने विलायतेतील सर टॉमस ब्राउन या विद्वान वैद्याला पत्र लिहिले. महाराज मध्यम उंचीचे, ताठ, चपळ, तीक्ष्ण नजरेचे, बोलताना हसतमुख वाटणारे, असे वर्णन त्यात आहे. ते पुष्कळ ठिकाणी दिले जाते. परंतु ज्यांनी महाराजांना पाहिले त्यांच्याकडून ऐकून आपण हे लिहीत आहोत, असे त्याने स्वतःच स्पष्ट केले आहे. वर्णन उद्धृत करणारे हे वाक्य बहुधा गाळतात.

जॉन फ्रायर हा कंपनीचा शल्यवैद्य कधी रायगडावर गेला नाही. त्याच्या १६९८ च्या प्रवासग्रंथात मात्र गडावरील एक गमतीदार गोष्ट आहे. इंग्रज वकिलाच्या मंडळींना मांस पुरवणारा एक म्हातारा खाटीक होता. काही वर्षांत खपले नव्हते इतके मांस या चार माणसांनी कसे खाल्ले, ते पाहण्यासाठी तो चढण चढून वर आला. गोष्ट ऐकीव, थोडी रंगवलेलीही असेल. तरी एरवी कोणत्याही दप्तरात न येणारा एक सामान्य माणूस तिच्यामुळे आपल्यापर्यंत पोचला आहे.

लंडनची एक रोजनिशी

याच काळात लंडनमध्ये सॅम्युअल पीप्स नावाचा आरमारी कचेरीतील कारकून-अधिकारी रोज रात्री रोजनिशी लिहीत होता. १६६० च्या जानेवारीपासून १६६९ च्या मेपर्यंत त्याने ती चालवली. मुंबई बेटाचा ताबा देताना पोर्तुगिजांनी फसवणूक केल्याची कुरबुर मे १६६३ मध्ये त्याच्याकडे आढळते. मुंबईविषयीचे इंग्रजांचे तेव्हाचे मत काही फार चांगले नव्हते, हे वाचून आज हसू येते.

१६६५ साली लंडनमध्ये प्लेगची साथ आली. दर आठवड्याला मृतांचा सरकारी तक्ता निघे. ऑगस्टच्या अखेरीस एका आठवड्याचे ७,४९६ मृत्यू तक्त्यात आले, त्यांपैकी ६,१०२ प्लेगचे. पीप्सने हे आकडे उतरवून घेतले आणि पुढे लिहिले की, खरी संख्या दहा हजारांच्या जवळ असावी अशी भीती आहे. गरिबांची प्रेते इतकी, की त्यांची मोजदाद होत नाही. आणि काही पंथांचे लोक मृत्यूची घंटाच वाजवू देत नाहीत, म्हणून त्यांची नोंद राहून जाते. तक्ता आणि रोजनिशी या दोहोंमध्ये अडीच हजार माणसांचे अंतर आहे. ती माणसे गरीब होती किंवा वेगळ्या पंथाची होती, एवढेच आपल्याला कळते.

पीप्सने ही रोजनिशी लघुलिपीत लिहिली होती. केंब्रिजच्या मॉडलिन महाविद्यालयात ती शंभराहून अधिक वर्षे कोणी न वाचता पडून राहिली. जॉन स्मिथ नावाच्या विद्यार्थ्याने तीन वर्षे खपून ती उलगडली. त्या लघुलिपीचे पुस्तक त्याच ग्रंथालयात, जवळच्या फळीवर होते, हे त्या बिचाऱ्याला ठाऊक नव्हते!

आपल्याकडे ही फळी म्हणजे मोडी लिपी. पुण्याच्या पेशवे दफ्तरात मोडी कागदांचे रुमालच्या रुमाल आहेत. गो. स. सरदेसाई यांनी १९३० च्या दशकात त्यांतून निवडलेल्या कागदांचे ४५ खंड संपादित केले, तरी बहुतेक कागद अप्रकाशितच आहेत. तंजावरच्या सरस्वती महाल ग्रंथालयातही भोसले राजांच्या कारभाराचे मोडी कागद आहेत. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत शाळेत मोडी शिकवली जाई. आज आजोबांची खरेदीखते घरात असूनही ती नातवंडांना वाचता येत नाहीत.

शब्दार्थ

वखार – परदेशी व्यापाऱ्यांचे कोठार व कचेरी. होन – सोन्याचे नाणे. मिती – पंचांगाप्रमाणे दिलेली तारीख. रुमाल – कागदपत्रे बांधून ठेवण्याचे फडके, त्यावरून कागदांचा गठ्ठा. शकावली – शकाच्या वर्षक्रमाने केलेल्या घटनांच्या नोंदी.

स्वाध्याय

१. जेधे शकावली आणि ऑक्झेंडनची रोजनिशी यांच्या लेखनहेतूंतील फरक सहा-सात ओळींत लिहा.

२. एका इंग्रजी पत्रावर '१० फेब्रुवारी १६६९' असे आहे. आपल्या आजच्या वर्षगणनेप्रमाणे ते कोणत्या वर्षी लिहिले गेले असेल? कारण द्या.

३. प्लेगच्या तक्त्यात गरिबांची पूर्ण नोंद का होत नव्हती? अलीकडच्या काळातील असे एखादे उदाहरण तुम्हांला ठाऊक असल्यास लिहा.

४. आपल्या घरातील सर्वांत जुना कागद शोधा : सातबारा, शिधापत्रिका, पत्र, हिशेबाची वही, काहीही चालेल. तो कोणी, कोणासाठी लिहिला, त्यात कोणाचे नाव आहे आणि घरातील कोणाचे नाव नाही, हे पाहून एक परिच्छेद लिहा.