ऑफसेटला हात लावण्याआधी

भोसरीतल्या एका छोट्या कारखान्यात 25 मिलिमीटर व्यासाचे स्टीलचे शाफ्ट बनत. टॉलरन्स अधिक-उणे 10 मायक्रॉन. ऑपरेटर दक्ष होते. नग उतरला रे उतरला की मायक्रोमीटर लावायचे. 4 मायक्रॉन जास्त दिसले की सीएनसीचा ऑफसेट तेवढाच खाली आणायचे. तरीही माल परत आला. शाफ्ट बारीक! मी तेव्हा तिथल्या तपासणी विभागात होतो. बैठकीत आधी स्टीलला दोष दिला गेला, मग मशीनला.

सुपरवायझरने मात्र ऑफसेटला हात न लावता 50 नग सलग काढायला लावले. थंड झाल्यावर ते त्याच क्रमाने मोजून आलेखावर मांडले. मापांतला चढउतार आधीपेक्षा कमी निघाला. यात नवल नाही. मशीन स्थिर चालत असताना प्रत्येक नगामागे पुरती दुरुस्ती केली, तर एका नगाची सहज झालेली कमीजास्त पुढच्या नगात मिसळते आणि मापांचं प्रमाण विचलन सुमारे 1.4 पट होतं. सहज चढउतार कोणता आणि खरा बिघाड कोणता, हे ओळखण्यासाठीच वॉल्टर शूहार्ट यांनी 1924 मध्ये कंट्रोल चार्ट मांडला.

मग परत आलेले नग शिफ्टनुसार वेगळे केले. बहुतेक दिवसपाळीचे होते. ही पाळी नग गरम असतानाच मोजायची, रात्रपाळी ते ट्रेमध्ये निवू द्यायची. 25 मिलिमीटरचा स्टीलचा शाफ्ट 20 अंशांनी जास्त तापलेला असला, तर जवळपास 6 मायक्रॉन मोठा भरतो. तो मोठा दिसतो म्हणून ऑफसेट कमी होतो आणि थंड झाल्यावर शाफ्ट बारीक निघतो.

म्हणून लहान कारखानदारांना माझं कळकळीचं सांगणं आहे: गो-नोगो गेजवर भागवू नका. ते पास-नापास सांगतं, माप कुठे सरकतंय ते सांगत नाही. ठरावीक वेळाने 5 थंड नग मोजा. सरासरी आणि सर्वांत मोठ्या-लहान मापांतला फरक लिहा, शेजारी शिफ्ट व ऑपरेटर. चार्टवरच्या मर्यादा तुमच्याच मोजमापांतून काढा. ड्रॉइंगवरचा टॉलरन्स तिथे रेघ म्हणून ओढू नका. ही चूक फार ठिकाणी दिसते.

इन्सर्ट झिजू लागला की बाहेरचा व्यास हळूहळू वाढतो आणि बिंदू ओळीने वर चढतात. तेव्हा ऑफसेट जरूर बदला आणि किती मायक्रॉन बदलला ते त्याच बिंदूपाशी लिहा.