गावातील विश्वरूप

अमरावतीहून नागपूरकडे जाणाऱ्या हमरस्त्यावर मोझरी नावाचे गाव लागते. भोवताली वऱ्हाडची काळी, कसदार जमीन पसरलेली आहे. पावसाळ्यात पऱ्हाटी, तूर आणि ज्वारी यांनी ती हिरवीगार होते. याच गावाजवळ १९३५ साली तुकडोजी महाराजांनी गुरुकुंज आश्रम स्थापन केला. ज्या ग्रंथामुळे त्यांचे नाव महाराष्ट्रातील खेड्याखेड्यांत पोहोचले, तो ग्रंथ म्हणजे ‘ग्रामगीता’ होय.

तुकडोजींचा जन्म ३० एप्रिल १९०९ रोजी अमरावती जिल्ह्यातील यावली या गावी झाला. त्यांचे मूळ नाव माणिक. घरची गरिबी असल्याने त्यांचे शालेय शिक्षण प्राथमिक इयत्तांपलीकडे गेले नाही. वरखेडचे अडकोजी महाराज हे त्यांचे गुरू. त्यांनीच माणिकला ‘तुकड्या’ हे नाव दिले. पुढे हातात खंजिरी घेऊन तुकडोजी गावोगाव भजने गाऊ लागले आणि त्या भजनांच्या शेवटी हेच नाव येऊ लागले. स्वतःला ‘तुकडा’ म्हणवणाऱ्या या पुरुषाने आयुष्यभर सांगितले, ते मात्र अखंडाविषयी!

सर्व चराचर सृष्टीत एकच ईश्वर भरून राहिला आहे, हा विचार आपल्या देशात फार प्राचीन आहे. ईशावास्य उपनिषदाचा आरंभच या विचाराने होतो. ज्ञानेश्वरांनी तोच विचार मराठीत आणला आणि ग्रंथाच्या अखेरीस साऱ्या विश्वाचे कल्याण मागितले. मग तुकडोजींनी नवे ते काय सांगितले?

ग्रामगीता १९५५ साली प्रसिद्ध झाली. तिचे ४१ अध्याय असून ती साध्या, सुबोध ओव्यांत रचलेली आहे. नांगर धरणाऱ्या शेतकऱ्याला ऐकताक्षणी कळावी, अशीच तिची भाषा आहे. पहिल्या अध्यायाचे नाव ‘देवदर्शन’ असे आहे. पंढरपुरी चंद्रभागेच्या तीरावर बसले असता आपल्या अंतःकरणात विश्वाएवढी व्यापक वृत्ती कशी जागी झाली, हे कवीने त्यात सांगितले आहे. हे विश्व हेच देवाचे प्रकट रूप आहे, असे त्यांना त्या वेळी जाणवले. म्हणून विश्वाची सेवा हीच देवाची पूजा ठरते.

येथे कोणाच्याही मनात शंका येईल. विश्व तर अफाट आहे. सूर्य, तारे, समुद्र, देशोदेशींची माणसे, या साऱ्यांची सेवा एका सामान्य माणसाने कशी करावी? ग्रामगीतेचे सारे मर्म या शंकेच्या उत्तरात आहे. विश्व देशांचे बनले आहे, देश गावांचा बनला आहे आणि गाव घरांचे. विश्वाला हात लावायचा, तर तो आपल्या गावापासूनच लावला पाहिजे. ज्याला शेजाऱ्याच्या ठायी देव दिसत नाही, त्याला तो ताऱ्यांत दिसला, हे कोणी खरे मानावे?

सारे एक आहे, हे केवळ श्रद्धेने मानण्याची गोष्ट नाही. ते रोजच्या अनुभवाने पटणारे आहे. एखाद्या गावात एकच विहीर आहे, असे समजा. तिच्या काठाशी कोणी घाण केली, तर ते दूषित पाणी एकाच घरी जात नाही. पटकीची साथ वाड्यात शिरते, तशीच झोपडीतही शिरते. आपल्या अंगणातील केर दुसऱ्याच्या दारात लोटणाऱ्याला आपले घर स्वच्छ झाले असे वाटते. पण त्या केरावर बसलेली माशी पुन्हा त्याच्याच ताटावर येते. माणसे भिंती बांधून वेगळी होतात. परंतु वारा, पाणी आणि रोग या भिंती जुमानीत नाहीत.

म्हणूनच देवदर्शनाने सुरू झालेली ही गीता पुढे गावाच्या स्वच्छतेकडे, आरोग्याकडे, श्रमाच्या प्रतिष्ठेकडे, ग्रामोद्योगांकडे आणि स्त्रियांच्या उन्नतीकडे वळते. पोथीत असले विषय कशाला, असे प्रथम वाटते. पण ते विषय देवाला सोडून आलेले नाहीत. गाव हे जर देवाचे रूप असेल, तर तुंबलेले गटार साफ करणे हीदेखील पूजाच होय. सारे गाव एक कुटुंब व्हावे आणि वैकुंठ या भूमीवरच उभे राहावे, हे या ग्रंथाचे ध्येय आहे.

हे ध्येय बोलण्यास सोपे आणि आचरण्यास कठीण होते. त्या काळी अनेक गावांत देवळामध्ये पोथी वाचली जाई आणि सर्वांभूती एकच देव असल्याचे सांगितले जाई. परंतु त्याच गावच्या विहिरीवर सर्वांना पाणी भरू देत नसत. भारताच्या संविधानाने १९५० साली अस्पृश्यता नष्ट केली. ज्या वर्षी ग्रामगीता प्रसिद्ध झाली, त्याच १९५५ साली अस्पृश्यता पाळणे हा गुन्हा ठरविणारा कायदा झाला. कायद्याने विहीर खुली होते. मन मात्र माणसाला स्वतःच खुले करावे लागते. तुकडोजींनी यासाठी सामुदायिक प्रार्थनेचा मार्ग धरला. या प्रार्थनेत सर्व जातींचे व धर्मांचे लोक एकाच बैठकीवर, ओळीने, शिस्तीत बसत. एकतेचा विचार कानांनी ऐकण्यापूर्वीच तो खांद्याला खांदा लावून अनुभवता येई.

वऱ्हाडातच आणखी एका थोर पुरुषाने हाच धडा दिला, तोही एक अक्षर न लिहिता. गाडगेबाबांचा जन्म १८७६ साली अमरावती जिल्ह्यातील शेंडगाव येथे झाला. त्यांचे बालपण अकोला जिल्ह्यात, मूर्तिजापूरजवळच्या दापुरे गावी, मामाच्या घरी गेले. गावात पाऊल टाकताच ते हाती खराटा घेऊन रस्ते झाडू लागत. दिवसा गाव स्वच्छ होई आणि रात्री कीर्तनाने मने स्वच्छ होत. ज्यांना इतरत्र थारा मिळत नसे, अशा यात्रेकरूंसाठी त्यांनी पंढरपुरी चोखामेळ्याच्या नावाने धर्मशाळा उभारली. एकाच्या हाती खंजिरी, दुसऱ्याच्या हाती खराटा. साधने निराळी, पण शिकवण एकच!

पोथी प्राचीन असेल तरच ती पवित्र, असे पुष्कळांना वाटते. ग्रामगीता तर विसाव्या शतकात लिहिली गेली. तरीही विदर्भातील असंख्य गावांत ती आदराने वाचली जाते. ग्रंथाचे पावित्र्य त्याच्या वयात नसते. तो वाचून माणूस कसा वागू लागतो, त्यात ते असते. ग्रामगीतेची नुसती पारायणे केली आणि गावचा रस्ता तसाच घाण राहिला, तर ती पोथी वाचूनही न वाचल्यासारखीच झाली.

११ ऑक्टोबर १९६८ रोजी मोझरी येथे तुकडोजी महाराजांचे निधन झाले. २००५ साली नागपूर विद्यापीठाला त्यांचे नाव देण्यात आले. प्राथमिक शाळेपलीकडे ज्यांना शिकता आले नाही, त्यांचे नाव एका विद्यापीठाच्या प्रवेशद्वारावर झळकले. परंतु त्यांचे खरे स्मारक दगडाचे नव्हे. ज्या गावच्या विहिरीवर सर्वांच्या घागरी एकत्र भरतात आणि ज्या गावात शेजाऱ्याच्या दारातील केरही आपलाच मानून उचलला जातो, तेथे विश्वरूपाचे दर्शन घडते.

शब्दार्थ
चराचर – सजीव व निर्जीव असे सर्व काही. पऱ्हाटी – कापसाचे झाड. मर्म – मुख्य आशय. पटकी – दूषित पाण्याने पसरणारा एक घातक रोग, कॉलरा. पारायण – ग्रंथाचे आरंभापासून शेवटपर्यंत वाचन.

प्रश्न
१. विश्वाची सेवा गावापासून सुरू करावी, असे ग्रामगीतेत का सांगितले आहे?
२. ‘कायद्याने विहीर खुली होते, मन मात्र माणसाला स्वतःच खुले करावे लागते.’ या वाक्याचा अर्थ स्पष्ट करा.
३. खंजिरी आणि खराटा यांची शिकवण एकच कशी, ते लिहा.
४. आपल्या गावातील किंवा मोहल्ल्यातील सर्वांच्या उपयोगी पडेल असे कोणते काम तुम्ही करू शकाल, ते आठ-दहा ओळींत लिहा.