मातीतील जीवाणू आणि पेटंटचा कायदा

स्यूडोमोनास पुटिडा हा दंडाकृती जीवाणू मातीत, विशेषतः वनस्पतींच्या मुळांलगत, सहज आढळतो. इतर अनेक जीवाणूंना न पचणारी कार्बनी संयुगे पचवून तो ऊर्जा मिळवितो. या क्षमतेचे मूळ शोधताना सुरू झालेले संशोधन अखेरीस न्यायालयात पोहोचले.

जीवाणूची बहुतेक जनुके मुख्य गुणसूत्रावर असतात. काही मात्र प्लास्मिड नावाच्या छोट्या, बहुधा वर्तुळाकार डीएनएवर असतात. प्लास्मिडे एका जीवाणूतून दुसऱ्यात जाऊ शकतात. स्यूडोमोनासच्या निरनिराळ्या उपप्रकारांत कापूर, ऑक्टेन, सॅलिसिलेट व नॅप्थलीन यांचे विघटन घडविणारी प्लास्मिडे आढळतात. बंगालमध्ये जन्मलेले आनंदमोहन चक्रवर्ती यांनी अमेरिकेत जनरल इलेक्ट्रिक कंपनीत काम करताना अशी अनेक प्लास्मिडे एकाच जीवाणूत आणली. कापूर व ऑक्टेन यांची प्लास्मिडे एकत्र टिकत नसत, म्हणून अतिनील किरणांच्या साहाय्याने ती जोडण्यात आली. हा प्रयोग जनुके कापून जोडण्याच्या तंत्राचे उदाहरण नव्हे, हे विद्यार्थ्यांनी लक्षात ठेवावे. प्लास्मिडांचे स्थलांतर नैसर्गिक मार्गानेच झाले. त्यांचा संच मात्र निसर्गात नव्हता.

पेटंटसाठी १९७२ मध्ये अर्ज झाला. पद्धतीचे पेटंट मान्य झाले, जीवाणूचे नाकारले गेले. १६ जून १९८० रोजी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ५ विरुद्ध ४ मतांनी चक्रवर्तींच्या बाजूने निकाल दिला. वस्तू सजीव की निर्जीव, यापेक्षा ती निसर्गनिर्मित की मानवनिर्मित हा भेद न्यायालयाने निर्णायक मानला. उद्योगाच्या दृष्टीने या फरकाचे मोल मोठे होते. जीवाणू स्वतःच वाढतो. एक परीक्षानळी हाती आली की प्रतिस्पर्ध्याला मूळ पद्धतीची गरजच उरत नाही. केवळ पद्धतीचे पेटंट तेथे दुबळे ठरते.

गंमत अशी की, हा जीवाणू समुद्रातील तेलगळतीवर कधी सोडलाच गेला नाही. प्रयोगशाळांत मात्र पुटिडाचा केटी २४४० हा उपप्रकार रुळला. त्याचा सुमारे ६२ लाख बेस जोड्यांचा जनुकसंच २००२ मध्ये प्रसिद्ध झाला. लाकडातील लिग्निनपासून उपयुक्त रसायने मिळविण्यासाठी त्याच्यावर संशोधन चालू आहे.

जागतिक व्यापार संघटनेच्या ट्रिप्स करारानुसार सदस्य देश वनस्पती व प्राणी पेटंटबाहेर ठेवू शकतात, सूक्ष्मजीव नव्हे. त्यानुसार भारताने २००२ मध्ये १९७० च्या पेटंट कायद्यात दुरुस्ती केली. कलम ३(जे) वनस्पती व प्राण्यांना पेटंट नाकारते, पण सूक्ष्मजीवांना वगळून. कलम ३(सी) प्रमाणे निसर्गातील सजीवाचा निव्वळ शोध हा आविष्कार ठरत नाही. साहजिकच शेतातून जसाच्या तसा उचललेला जीवाणू कोणाच्या मालकीचा होत नाही. नव्या सूक्ष्मजीवाचे शब्दांत पूर्ण वर्णन शक्य नसल्यास त्याचा नमुना मान्यताप्राप्त संग्रहात ठेवावा लागतो. चंडीगड व पुणे येथे असे संग्रह आहेत. ‘सूक्ष्मजीव’ या शब्दाची व्याख्या मात्र ट्रिप्स करारातही नाही आणि भारतीय पेटंट कायद्यातही नाही. त्यामुळे किती बदल केल्यावर जीवाणू ‘मानवनिर्मित’ मानावा, हे प्रत्येक अर्जागणिक ठरवावे लागते.