तांडा, मीठ आणि आगगाडी



वाशीम जिल्ह्याच्या मानोरा तालुक्यांत पोहरादेवी म्हणून जें गांव आहे, तें आपणांपैकीं बहुतेकांस ठाऊक असेलच. सेवालाल महाराजांची समाधि तेथें असून रामनवमीच्या सुमारास निरनिराळ्या प्रांतांतून बंजारा लोकांची तेथें मोठी गर्दी लोटते. ता. ५ ऑक्टोबर २०२४ रोजीं बंजारा विरासत नांवाचें संग्रहालय पंतप्रधानांच्या हस्तें तेथें उघडण्यांत आलें. आपण ज्यांस लमाण किंवा बंजारा म्हणतों, ते आपणांस गोर म्हणवितात व बाकीच्या जगास कोर म्हणतात. त्यांच्या वस्तीचें नांव तांडा आणि तिच्या पुढाऱ्याचें नांव नायक.

या जिल्ह्यांत ज्याच्या वाटेवर एकही तांडा लागत नाहीं असा उपदेशक क्वचितच सांपडेल. परंतु तांडा गांवाच्या शिवेवरच कां असतो? दिवाळी उलटली कीं तेथील तरणीं माणसें, कडेवर लेंकरें घेऊन, ऊंस तोडावयास दूर देशीं कां जातात? आणि गांवांत बैल चोरीस गेला कीं पाटलाच्या मनांत पहिलें नांव तांड्याचेंच कां येतें? या प्रश्नांची उत्तरें त्या लोकांच्या स्वभावांत शोधण्याची आपणांस संवय लागली आहे. तीं तेथें नाहींत. तीं मिठाच्या गोणींत, कापसाच्या गांठींत व सरकारच्या कायद्याच्या पुस्तकांत सांपडतात. म्हणून हा पाठ.

सडका नव्हत्या त्या काळीं समुद्राकांठचें मीठ वऱ्हाडांत कसें येत असे, याचा विचार करून पाहा. तें बैलांच्या पाठीवर येत असे आणि ते बैल बंजाऱ्यांचे असत. या व्यापारास ते लदेणी म्हणतात. मीठ आणावें, परत जातांना धान्य न्यावें, वाटेंत गुरें चारावीं, बैल विकावे, पावसाळ्यांत एका ठिकाणीं तळ द्यावा, असा त्यांचा क्रम होता. लवण या शब्दावरून लमाण शब्द झाला असें कित्येक सांगतात. फौजांनाही त्यांच्यावांचून चालत नसे. मोगलांचें सैन्य दक्षिणेंत उतरलें तेव्हां जंगी व भंगी या दोघां नायकांपाशीं १,८०,००० बैल होते, अशी दंतकथा त्यांच्यांत चालत आली आहे. आंकडा कोणी मोजला असेल असें नाहीं, परंतु त्यावरून कामाचा अजमास होतो. पुढें १८०३ सालीं जनरल वेलस्ली याने आपल्या वऱ्हाडांत आडगांवची लढाई मारली व गाविलगड घेतला, तेव्हां त्याच्या शिपायांचें धान्यही बंजाऱ्यांच्या बैलांवरून आलें होतें. ज्या राज्यानें पुढें या लोकांस संशयित ठरविलें, त्या राज्याच्या फौजेस त्यांनींच भाकर पुरविली होती, ही गोष्ट लक्षांत ठेवण्याजोगी आहे.

१८५३ सालीं निजामानें वऱ्हाड कंपनीच्या हवालीं केला. ज्या सैन्याचा खर्च निजामावर लादला होता त्याच्या थकलेल्या देण्यापोटीं ही व्यवस्था झाली. वऱ्हाडच्या रयतेस त्या करारांत कोणीं विचारलें नाहीं, तांड्यास तर नाहींच नाहीं. आठ वर्षांनीं, १८६१ सालीं, अमेरिकेंत उत्तर व दक्षिण यांच्यामध्यें युद्ध पेटलें. तें गुलामगिरीच्या प्रश्नावरून पेटलें हें आपण शाळेंत शिकलों, पण त्याचा वाशीमशीं काय संबंध तें कोणीं शिकविलें नाहीं. संबंध असा. मँचेस्टरच्या गिरण्यांस अमेरिकेचा कापूस मिळेनासा झाला आणि त्यांची दृष्टि वऱ्हाडच्या काळ्या जमिनीकडे वळली. कापसाचा भाव चढला, शेतकऱ्याच्या हातीं कधीं नव्हता इतका पैसा आला. १८६५ सालीं युद्ध संपलें व भाव कोसळला. परंतु तोंवर वऱ्हाड जगाच्या बाजाराला बांधला गेला होता, आणि ती गांठ आजपावेतों सुटलेली नाहीं.

कापूस लवकर बंदरास पोंचावा म्हणून आगगाडी आली. १८६७ सालीं मुंबईहून नागपूरपर्यंत रूळ पोंचले, मग खामगांव व अमरावती या कापसाच्या पेठांस फांटे फुटले. आपल्या जिल्ह्यांतील कारंजें गांवास जाणारी यवतमाळ-मूर्तिजापूर ही अरुंद रुळांची गाडी, जिला लोक प्रेमानें शकुंतला म्हणत, ती याच कामाकरितां विसाव्या शतकाच्या आरंभीं एका विलायती कंपनीनें घातली. देशांतील बहुतेक सर्व रेल्वे स्वातंत्र्यानंतर सरकारच्या झाल्या, तरी या रुळांची मालकी मात्र कंपनीकडेच राहिली व गाड्या चालविण्याबद्दल सरकार तिला पैसे देत राहिलें. साम्राज्य गेलें तरी त्याचीं कांहीं बिलें चालूच राहतात, याचें याहून घरगुती उदाहरण सांपडणें कठीण. आतां ती गाडी बंद आहे व रुळांमध्यें गवत उगवलें आहे.

आगगाडीनें शेतकऱ्याचें हित केलें कीं अहित, हा वाद मोठा आहे. १८९६-९७ व १८९९-१९०० या दुष्काळांत वऱ्हाडांत माणसें फार मेलीं. त्या वेळीं आगगाडी होती, पण धान्य विकत घ्यावयास मजुराच्या कनवटीस दाम नव्हता. तो वाद येथें राहूं द्या. बंजाऱ्यापुरतें पाहिलें तर उत्तर सरळ आहे. जें मीठ पांचशें बैलांचा तांडा अनेक आठवड्यांनीं आणी, तें आगगाडी दोन दिवसांत आणूं लागली. शिवाय मिठावर सरकारचा भारी कर होता, आणि तो चुकवून मीठ नेतां येऊं नये म्हणून उत्तरेंत सिंधु नदीपासून मध्यप्रांतापर्यंत शेंकडों कोस लांब कांटेरी कुंपणाची जकातीची हद्द घातली होती. ती १८७९ त मोडली, पण लदेणीचा जीव तोंवर गेलाच होता. शिवाय १८७८ च्या कायद्यानें जंगलें राखीव झालीं, म्हणजे बैल चारण्याची जागाही गेली. धंदा गेला, कुरण गेलें आणि जमीन तर कधीं नव्हतीच, कारण ज्याचें घर चालतें त्याच्या नांवें सातबारा कोण लिहिणार? कित्येकांनीं बैल विकून मजुरी धरली. कित्येकांनीं ओसाड जमिनी फोडून शेती केली. कांहींनीं गुरें पळविलीं व वाटा मारल्या, हेंही खरें आहे आणि तें लपविण्यांत अर्थ नाहीं.

परंतु सरकारनें काय केलें तें पाहा. कांहींनीं केलेला गुन्हा जातीच्या रक्तांत आहे असें ठरविलें. १८७१ सालीं गुन्हेगार जमातींचा कायदा झाला. सुताराचा मुलगा सुतार होतो तसा चोराचा मुलगा चोर होतो, असा त्यामागील विचार होता. ज्या जातीचें नांव सरकार जाहीर करील, तिच्या लोकांनीं पोलिसांत नांव नोंदवावें, हजेरी द्यावी, परवान्याशिवाय हद्द ओलांडूं नये, आणि आपण निर्दोष आहों म्हणून त्या जाहीरनाम्याविरुद्ध कोर्टांत दाद मागूं नये, असा तो कायदा होता. १८९७ च्या दुरुस्तीनें लहान मुलांस आईबापांपासून वेगळें ठेवण्याची सत्ता घेतली गेली. कायदा प्रथम उत्तर हिंदुस्थानापुरता होता, १९११ नंतर तो सर्व प्रांतांस लावतां येऊं लागला. बंजारा लोकांविषयीं वऱ्हाडांत १८८२ सालीं जें सविस्तर टिपण इंग्रजींत छापलें गेलें, तें कंबरलेज नांवाच्या एका पोलीस अंमलदाराचें होतें. त्यांत माहिती पुष्कळ आहे. परंतु एखाद्या लोकांची ओळख करून घेण्याचें काम ज्या राज्यांत फौजदाराकडे जातें, त्या राज्याची त्यांच्याकडे पाहण्याची रीत निराळी सांगावी लागत नाहीं.

येथें आपल्या घरचीही गोष्ट सांगितली पाहिजे. या जमातींस तारेच्या कुंपणाआड ठेवण्यासाठीं ज्या वसाहती झाल्या, त्यांतील कित्येक मिशनांनीं चालविल्या. १९०८ पासून मुक्तिफौजेनें उत्तरेंत हें काम हातीं घेतलें, आणि सोलापुरासही मिशनचे लोक त्यांत होते. शाळा, दवाखाना, हातांस काम, हें त्यांनीं दिलें व मनापासून दिलें. परंतु फाटकाची किल्ली त्यांच्याच हातीं होती, आणि आंतील माणसें तेथें आपल्या खुशीनें आलीं नव्हतीं. दुसऱ्या देशांतही असें घडलें. कानडा देशांत तेथील मूळच्या लोकांचीं मुलें घरापासून तोडून चर्चच्या वसतिगृहांत ठेवीत, त्यांस स्वतःची भाषा बोलूं देत नसत. तेथील युनायटेड चर्चनें १९८६ व १९९८ सालीं आणि अँग्लिकन चर्चनें १९९३ सालीं उघडपणें क्षमा मागितली. सरकारनें ती २००८ सालीं मागितली. आपल्याकडे सत्कृत्यांच्या हकीकती पुष्कळ छापल्या गेल्या, किल्लीविषयीं फारसें कोणीं लिहिलें नाहीं.

हा कायदा ता. ३१ ऑगस्ट १९५२ रोजीं देशभर रद्द झाला. त्या दिवसास विमुक्त दिन म्हणतात. म्हणजे देश स्वतंत्र झाल्यावर हे लोक पांच वर्षें व सोळा दिवसांनीं सुटले. नांवही सुटलें नाहीं, केवळ बदललें: गुन्हेगार जमातीची विमुक्त जाति झाली. महाराष्ट्राच्या विमुक्त जातींच्या यादींत बंजारा आहेत, तसेच रामोशी, कैकाडी, वडार, बेरड आदि लोक आहेत. सराईत गुन्हेगारांचे म्हणून जे नवे कायदे आले, त्यांच्या आडून जुना संशय चालूच राहिला. तुरुंगांच्या नियमावलींतून या जमातींविषयीं भेदाचीं कलमें थेट ३ ऑक्टोबर २०२४ पर्यंत होतीं. त्या दिवशीं सर्वोच्च न्यायालयानें तीं घटनाबाह्य ठरविलीं.

आतां कोणी विचारील कीं हे लोक आदिवासी आहेत काय? उत्तर कोणत्या राज्याच्या हद्दींत उभे राहून द्यावें, हाच प्रश्न आहे. तेलंगणांत तोच लंबाडा अनुसूचित जमातींत आहे, कर्नाटकांत तोच अनुसूचित जातींत आहे, आणि आपल्याकडे तो विमुक्त. आपल्या जिल्ह्यांतील आंध व फासेपारधी मात्र अनुसूचित जमातींत आहेत. एकाच आजीचीं नातवंडें तीन राज्यांत तीन वर्गांचीं झालीं. संयुक्त राष्ट्रांनीं ता. १३ सप्टेंबर २००७ रोजीं मूलनिवासी लोकांच्या हक्कांचा जाहीरनामा १४४ विरुद्ध ४ मतांनीं मंजूर केला. विरुद्ध मत देणारे अमेरिका, कानडा, आस्ट्रेलिया व न्यूझीलंड हे होते, म्हणजे ज्या देशांत परक्यांनीं वसती करून मूळच्या लोकांस बाजूस सारलें तेच. हिंदुस्थानानें बाजूनें मत दिलें, परंतु आमचे सर्वच नागरिक मूलनिवासी आहेत, अशी आपल्या सरकारची भूमिका आहे. ती ऐकावयास गोड आहे. तांड्याच्या उपयोगाची ती नाहीं.

आणि जगाचा बाजार? तो दूर गेलेला नाहीं. २००२ सालीं बीटी कापसाचें बियाणें आलें, त्यांतील गुण अमेरिकेच्या कंपनीच्या मालकीचा. वाशीमच्या शेतांत सोयाबीन पसरलें, त्याचाही भाव परदेशांतील तेलाच्या व पेंडीच्या भावावर चढतो-उतरतो. ऑगस्ट २०२५ मध्यें परदेशी कापसावरील ११ टक्के आयात-जकात सरकारनें कांहीं महिन्यांपुरती उठविली, आणि त्याच महिन्यांत अमेरिकेनें आपल्या मालावर ५० टक्के जकात बसविली. कोरडवाहू तीन एकरांच्या धन्यास या दोन्ही बातम्या एकदमच लागल्या. बंजारा बायकांचें आरशांचें भरतकाम मोठमोठ्या शहरांतील दुकानांत मोठ्या किमतीस विकतात. तें घालणाऱ्या पुष्कळ आज्या मात्र ऊंसाच्या फडावर मोळ्या वाहतात.

शेवटीं उपदेशकांसाठीं एक कामाची गोष्ट. विमुक्त जातीच्या दाखल्यासाठीं ता. २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वींचा महाराष्ट्रांतील रहिवासाचा पुरावा मागतात. ज्यांस पिढ्यान् पिढ्या एका जागीं राहूं दिलें नाहीं, त्यांच्याकडेच जुन्या राहण्याचा कागद मागितला जातो, आणि तो न मिळाल्यामुळें हुशार मुलाची कॉलेजांतील जागा हातची जाते. कागद पुष्कळदां असतो, पण तो घरीं नसतो. जुन्या प्राथमिक शाळेच्या दाखल-खारीज रजिस्टरांत आजोबाचें नांव असतें. कोतवाल बुकांत जन्ममृत्यूची नोंद असते. तीं बुकें तहसील कचेरींत पाहावयास मिळतात. नांव कधीं लमाण, कधीं लमाणी, कधीं लंभाडी, कधीं नुसतें वंजारी असें लिहिलेलें असतें, म्हणून सर्व रूपें तपासावीं. वंजारी ही निराळी जात असल्यामुळें त्या नोंदीबरोबर तांड्याचें नांव व आडनांव जुळवून घ्यावें. ज्यास अर्ज लिहितां येतो त्यानें पुढच्या बाजाराच्या दिवशीं नायकास व दहावी झालेल्या मुलांस बरोबर घेऊन शाळेंत जावें, आणि नक्कल मागतांना तिच्यावर मुख्याध्यापकाची सही, शिक्का व मूळ पानाचा नंबर घ्यावयास विसरूं नये.