‘मा भूमि’ बोलपट व कुळाच्या नांवाची नोंद

तेलंगणांतील शेतकऱ्यांनीं १९४६ पासून १९५१ पर्यंत जो लढा दिला, त्यावर ‘मा भूमि’, म्हणजे ‘आमची भूमि’, हा तेलुगू बोलपट १९७९ सालीं निघाला. कृष्णचंदर यांच्या कादंबरीवरून गौतम घोष यांनीं तो दिग्दर्शित केला. मराठवाडा त्या काळीं त्याच निजामी राज्यांत असल्यामुळें आपल्या वाचकांनीं ती परक्यांची कथा समजूं नये.

नायक रामय्या हा गरीब शेतकऱ्याचा मुलगा. जमीनदाराच्या वाड्यावर गांवानें फुकट राबावयाचें, यास तेथें ‘वेट्टी’ म्हणत. आपली वेठ ती हीच. कुंभारानें मडकीं द्यावयाचीं, चांभारानें जोडे. राज्यांतील सुमारें दोन पंचमांश जमीन जहागिरी व निजामाच्या सर्फेखासांत मोडे. उरलेल्या दिवाणी मुलखांतही गांवचें दप्तर देशमुख, पटेल, पटवारी यांच्याच हातीं. कसणाऱ्याचें नांव कागदावर यावें तरी कोठून?

लढ्यांत कर्जखतें जाळलीं गेलीं, जमिनी वाटल्या गेल्या. पुढाऱ्यांच्या दाव्याप्रमाणें दहा लक्ष एकर. सप्टेंबर १९४८ मध्यें भारतीय सैन्य आलें व निजामशाही संपली, पण पाठोपाठ पळालेले जमीनदारही परतले आणि वाटलेली जमीन मागूं लागले. रामय्या त्या झुंजींत पडतो. बोलपट तेथें संपतो. दप्तरांत आयुष्य गेलेल्या आम्हां कारकुनांस गोष्ट तेथून पुढें दिसूं लागते. जमिनीचा ताबा मिळाला होता, परंतु तो कोणत्याच सरकारी वहींत चढला नव्हता. मालक परततांच कुळाजवळ दाखवावयास कांहीं नव्हतें.

१९४९ सालीं जहागिरी रद्द झाल्या. १९५० च्या हैदराबाद कूळ व शेतजमीन कायद्यानें ठराविक काळांत सलग सहा वर्षें कसणाऱ्यास ‘संरक्षित कूळ’ ठरविलें. पुढील दुरुस्तीनें मालकीचाही मार्ग झाला. मराठवाड्यास हाच कायदा लागू आहे. पण यादींत नांव आलें त्यासच लाभ. ज्याचें कूळपण तोंडी, किंवा ज्याच्याकडून मालकानें ‘खुषीचा’ राजीनामा लिहून घेतला, तो बाहेर राहिला. असले राजीनामे किती खुषीचे असतात हें गांवांत कोणासही विचारावें. अर्थशास्त्रज्ञ खुस्रो यांच्या १९५८ च्या पाहणींत अशीं प्रकरणें मोठ्या संख्येनें आढळलीं.

मराठवाड्यांत ज्यांच्या घरीं कूळहक्काचा वाद आहे, त्यांनीं सातबाऱ्याबरोबर १९५४-५५ चें खासरा पत्रक व संरक्षित कुळांची नोंदवही यांच्या नकला तहसिलींत मागाव्या, आणि आजोबांचें नांव कोणत्या रकान्यांत आहे हें अक्षर लावून पाहावें. मालकाचा रकाना निराळा, कसणाऱ्याचा निराळा.