पित्याचा वध आणि पुत्राची विनंती

पाठ : 2 राजे 14:1-6

यहूदाचा राजा योवाश यास त्याच्याच सेवकांनी जिवे मारिले. पुढे त्याचा पुत्र अमस्या याचे राज्य स्थिर झाले, तेव्हा त्याने त्या मारेकऱ्यांस देहान्त दिला. परंतु त्यांच्या मुलांस हात लाविला नाही, कारण मोशेच्या नियमशास्त्रात तशी मनाई आहे. हा भाग शिकविताना उपदेशकांनी पुढील हकीकत सांगावी. तिचा आमच्या नागपुराशी संबंध आहे.

30 जानेवारी 1948 रोजी दिल्लीस बिर्ला भवनात महात्मा गांधी सायंप्रार्थनेस निघाले होते. वल्लभभाई पटेलांशी बोलणे लांबल्यामुळे उशीर झाला होता. आभा व मनू या दोघी मुली त्यांना आधार देत चालल्या होत्या. मनूने जे पाहिले ते तिने लिहून ठेविले आहे : एक मनुष्य वाकून पुढे आला, पाया पडावयास आला असे वाटून तिने त्यास अडविले, त्याने तिला ढकलले, तिच्या हातची जपमाळ व वही खाली पडली, आणि गोळ्या सुटल्या. तो मनुष्य पुण्याचा मराठी पत्रकार नथुराम गोडसे होता.

मारणारा ब्राह्मण, एवढे कळताच नागपूर, मुंबई, पुणे, सातारा, कोल्हापूर या भागांत ब्राह्मणांच्या घरांवर जमाव चालून गेले. पुष्कळ घरे जळाली, निरपराध माणसे बेघर झाली. मुंबईत डॉ. नारायणराव सावरकर दगडांनी घायाळ झाले. त्यांच्यावर तर या खटल्यात आरोपही नव्हता. त्या क्रोधात जुने वैरही मिसळले होते, हे आम्ही लपवीत नाही. परंतु एकाच्या अपराधापायी साऱ्या वस्तीस झोडपलेले ज्यांच्या वाडवडिलांनी सोसले, त्यांस तरी हा न्याय कसा मानवावा?

गांधींचे तिसरे पुत्र रामदास तेव्हा नागपुरास राहत असत. ते विमानाने दिल्लीस गेले आणि 31 तारखेस यमुनेकाठी त्यांनी पित्याच्या चितेस अग्नी दिला. पुढे गोडसेस फाशीची शिक्षा झाली, तेव्हा रामदास व त्यांचे वडील बंधू मणिलाल यांनी ती माफ व्हावी अशी सरकारास विनंती केली. अमस्याने मारेकऱ्यांची मुले वाचविली. या पुत्रांनी मारेकऱ्याचाच जीव मागितला! सरकारने ते मानिले नाही. 15 नोव्हेंबर 1949 रोजी अंबाल्याच्या तुरुंगात गोडसे व नारायण आपटे यांस फाशी दिले.

वर्गात हे विचारावे : जमाव शेजाऱ्याच्या दारी येतो, त्या रात्री जवळच्या ख्रिस्ती कुटुंबाने काय करावे? उत्तर घाईने घेऊ नये. वृद्धांस आधी बोलू द्यावे.