'थोल' : बोलीने राखलेले एक क्रियापद

स्कॉटलंड, उत्तर इंग्लंड आणि अल्स्टर येथील बोलींत 'थोल' हे क्रियापद आढळते. कोशात त्याचा अर्थ 'सोसणे' असा दिलेला असतो. प्रमाण इंग्रजीत ते उरले नसल्याने ग्रामीण अपभ्रंश म्हणून त्याची वासलात लावण्याकडे कल दिसतो. परंतु प्राचीन इंग्रजीतील 'थोलिअन' हे त्याचे पूर्वरूप 'बेओवुल्फ' या काव्यातही येते. त्याची जागा घेणारे 'सफर' फ्रेंचमधून आणि 'टॉलरेट' लॅटिनमधून पुष्कळ नंतर आले.

गंमत अशी की, 'टॉलरेट' हे 'थोल'चे नातलगच होय. दोहोंच्या मुळाशी 'उचलणे, पेलणे' या अर्थाचा इंडो-युरोपीय धातू आहे. ग्रिमच्या नियमानुसार जर्मानिक शाखेत मूळ 'त'चा घर्षक 'थ' झाला. लॅटिन व संस्कृतात तो टिकला. म्हणून गॉथिक 'थुलान', लॅटिन 'टोलेरारे' आणि संस्कृत 'तुला' यांचे कूळ एकच. आपले 'तोल', 'तोलणे', 'तोळा' हेही त्यातलेच. मराठीत भार तोलून धरण्याचा मूळ अर्थ शाबूत आहे. 'थोल'मध्ये तो भार मनावरचा झाला. 'साहणे'चा प्रवास याहून निराळा, कारण संस्कृत 'सह्'चा वैदिक अर्थ 'जिंकणे, वरचढ ठरणे' असा आहे. वल्हे अडकविण्याच्या खुंटीलाही इंग्रजीत 'थोल' म्हणतात. तो शब्द मात्र वेगळा समजावा.

'सोसणे' हा पर्याय अपुरा का, हे स्कॉटिश कायद्यात दिसते. ज्याच्यावरील खटला चालून निकाल लागला, त्याने 'असाइझ थोलली', असे तेथे म्हणतात. त्याच आरोपावरून त्याच्यावर पुन्हा खटला भरता येत नाही. २०११ च्या कायद्याने या तत्त्वाला काही अपवाद जोडले. येथे दुःखभोगापेक्षा प्रसंगातून पार पडण्याला महत्त्व आहे.

शेमस हीनी यांच्या 'बेओवुल्फ'च्या १९९९ मधील अनुवादाची प्रस्तावना या संदर्भात अवश्य वाचावी. ग्रंथाच्या शब्दसूचीत 'थोलिअन' पाहिल्यावर हळूहळू, आपल्या गावाकडची अल्पशिक्षित वडीलधारी माणसे हेच क्रियापद वापरीत, हे त्यांच्या ध्यानात आले. स्कॉटलंडमधून वसाहतकारांबरोबर ते अल्स्टरमध्ये आले आणि मूळच्या आयरिशभाषकांनीही ते आपलेसे केले. ज्या काव्याची भाषा परक्यांची वाटत होती, त्याचा अनुवाद करण्याचा अधिकार या आयरिश कॅथलिक कवीला आपल्या घरच्या बोलीने मिळवून दिला.